आरोपी नसलेल्या माणसाची हजेरी

प्रश्न थोडक्यात असा: माझं वय ३६, शिरोली एमआयडीसीतल्या फाउंड्रीत कामाला आहे. धाकटा भाऊ भिशी चालवायचा. लोकांचे पैसे अडकले, त्याच्यावर फसवणुकीचा गुन्हा दाखल झाला आणि दोन महिने तो घरी नाही. भिशीशी माझा काही संबंध नव्हता, फिर्यादीत माझं नावही नाही. तरी गेले सतरा दिवस रोज दुपारी ठाण्यातून व्हॉट्सअ‍ॅपवर निरोप येतो, "संध्याकाळी येऊन हजेरी लावून जा." सहाला जातो. कधी दहाला सोडतात, कधी साडेअकराला. आता वडिलांना (वय ६७) आणि बायकोलाही घेऊन यायला सांगितलंय. "भावाला हजर कर, नाहीतर पैशाचं लिहून दे," म्हणतात. गेलो नाही तर मलाच आत घेतील का?

उत्तर:

तुमच्या प्रश्नातल्या "हजेरी" या शब्दापाशी मी थांबले. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला. त्यात काही जातीजमातींतल्या माणसांनी, काही केलेलं असो वा नसो, ठरल्या वेळी पोलिसांपुढे जाऊन नाव लावायचं, अशी पद्धत होती. आपल्या करवीर (म्हणजे कोल्हापूर) संस्थानातही महार, मांग, रामोशी, बेरड समाजाच्या माणसांना हजेरी होती. राजर्षी शाहू महाराजांनी ती १९१८ साली बंद केली. तो कायदा देशातून जायला मात्र १९५२ साल उजाडलं. ज्या गावात ही पद्धत शंभर वर्षांपूर्वी मोडीत निघाली, त्याच गावात एका फाउंड्री कामगाराला सतरा दिवस हजेरीला बोलावलं जातंय, याचं मला मनापासून वाईट वाटतं. राग येतो.

आज हजेरी कायदेशीरपणे लागते ती मुख्यतः जामिनाची अट म्हणून. आरोपीला जामीन देताना "आठवड्यातून एकदा ठाण्यात हजर राहावे" असं कोर्ट लिहितं. तुमच्या बाबतीत जामीन नाही, कोर्टाचा हुकूम नाही, तुम्ही आरोपीसुद्धा नाही. तेव्हा रोजच्या हजेरीला कायद्यात जागा नाही. म्हणून उद्यापासून फोन बंद करून घरी बसा, असं मात्र मी सांगणार नाही. तसं केलं की "भाऊ फरार, हाही टाळतोय" असं डायरीत लिहायला त्यांना आयतं कारण मिळतं. तुम्ही एकच धरून बसायचं: बोलावणं कागदावर मागायचं.

आता त्यांना अधिकार काय आहे ते बघू, कारण अधिकार आहेच. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिचं कलम १७९ म्हणजे जुनं १६०. ज्याला प्रकरणाची माहिती आहे असं दिसतं, त्याला तपास करणारा अधिकारी लेखी आदेशाने बोलावू शकतो. तो माणूस त्याच ठाण्याच्या किंवा लगतच्या ठाण्याच्या हद्दीत असलेला हवा. आपल्याकडे या कागदाला समजपत्र म्हणतात. त्यावर गुन्हा रजिस्टर नंबर, कलम, दिवस, वेळ आणि अधिकाऱ्याचं नाव व सही असायला हवी. असं समजपत्र आलं तर जायचं. जाणं बंधनकारक आहे, आणि मुद्दाम गैरहजर राहणं हाच गुन्हा होऊ शकतो.

व्हॉट्सअ‍ॅपचा निरोप म्हणजे समजपत्र नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये सतेंदर कुमार अंतिल प्रकरणात सगळ्या राज्यांना बजावलंय की पोलिसांच्या या नोटिसा कायद्यात सांगितलेल्या पद्धतीनेच बजावायच्या, व्हॉट्सअ‍ॅप हा त्याला पर्याय नाही. तरी आलेले निरोप खोडू नका. स्क्रीनशॉट काढून दुसऱ्या कुणाच्या तरी फोनवर पाठवून ठेवा. तुमच्याकडे आज लेखी पुरावा आहे तो एवढाच, आणि तो त्यांनीच दिलाय.

कागद हातात आला की आधी त्यावरचं कलम वाचा. १७९ असेल तर तुम्ही साक्षीदार. ३५(३) असेल तर तुमच्यावर संशय आहे. ती जुन्या ४१-अ ची नोटीस, तिचा रस्ता वेगळा. ३५(३) आली तर त्याच दिवशी वकिलाकडे जा. नोटिशीप्रमाणे हजर राहिलात आणि पुढेही राहत गेलात, तर अटकेची गरज का आहे याची कारणं पोलिसांना लिहावी लागतात. अटकपूर्व जामिनाचा अर्ज कलम ४८२ खाली करता येतो. पण तुम्ही सांगता त्यावरून गोष्ट तिथवर गेलेली दिसत नाही. एक मात्र स्वतःला प्रामाणिकपणे विचारा. भिशीचे पैसे कधी तुमच्या खात्यातून फिरलेत का? भावाने "दादा, जरा तुझ्या गुगल पेवर घे" म्हणून एखादा हप्ता घेतला होता का? घेतला असेल तर तो वकिलापासून लपवू नका. पोलिसांना तो बँकेच्या उताऱ्यात सापडणारच.

काही वर्षांपूर्वी माझ्याकडे करवीर तालुक्यातल्या एक बाई आल्या होत्या. वय अठ्ठावन्न. मुलगा मारामारीच्या गुन्ह्यात हवा होता, तो सापडेना, म्हणून आईला रोज ठाण्यात बोलवायचे. अकरा संध्याकाळी त्या बाहेरच्या लाकडी बाकावर बसल्या. कधी सोडतील याचा नेम नसायचा, म्हणून फडक्यात भाकरी आणि खर्डा बांधून न्यायच्या. कुणी मारलं नव्हतं, कुणी शिवी दिली नव्हती. नुसतं बसवायचे. माझ्यासमोर त्यांनी पिशवीतून नातीची शाळेची वही काढली. चौथीतल्या पोरीने पेन्सिलने लिहून ठेवलं होतं: "मंगळवार. आजी गेली ६.१०. आली १०.४५." अकरा ओळी. नातीला वाटलं, आजीचं काहीतरी चाललंय, लिहून ठेवावं.

ती वही बघून मी अर्ज लिहिला. तारखा आणि वेळा तिच्यातल्याच घातल्या. बाई मला म्हणाल्या, "मॅडम, लिहिलं तर ते चिडत्यात." त्या चिडण्याचीच सगळ्यांना भीती असते, आणि त्या भीतीवरच ही पद्धत चालते. अर्ज दिला त्या संध्याकाळी फोन आला नाही. तिसऱ्या दिवशी एक अधिकारी महिला अंमलदाराला घेऊन घरी आले, सोप्यात बसले, चहा घेतला आणि वीस मिनिटांत जबाब उरकला. अकरा संध्याकाळी जे काम झालं नव्हतं, ते वीस मिनिटांचं होतं. दर वेळी इतकं सोपं होत नाही, हेही सांगते. पण अर्जाने बिघडलं असं माझ्या अनुभवात फार क्वचित झालंय.

तुमचा अर्ज असा लिहा. पोलीस निरीक्षकांच्या नावे, साध्या कागदावर, मराठीत: "आपल्या पोलीस ठाण्याकडील गुन्हा रजि. नं. अमुक मध्ये मी आरोपी नाही. दि. अमुकपासून दि. अमुकपर्यंत मला फोन व व्हॉट्सअ‍ॅपद्वारे बोलावून पुढील वेळेत पोलीस ठाण्यात बसवून ठेवण्यात आले (तारखा व वेळा). तपासात सहकार्य करण्यास मी तयार आहे. माझा जबाब घ्यावयाचा असल्यास भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ प्रमाणे लेखी समजपत्र द्यावे, त्यातील दिवशी व वेळी मी हजर राहीन. माझे वडील (वय ६७) व पत्नी यांचा जबाब आमच्या राहत्या घरी येऊन नोंदवावा. वरील तारखांचे व वेळांचे सीसीटीव्ही चित्रण जतन करावे." एवढं पुरे. "छळ", "दडपशाही", "बघून घेऊ" असलं काही लिहू नका. तारखा आणि वेळाच बोलतात. त्या नीट आठवत नसतील तर फाउंड्रीतलं तुमचं पंचिंग, रिक्षावाल्याला केलेलं पेमेंट, बायकोला केलेला "निघालो" हा फोन, यावरून जुळवा.

अर्जाच्या दोन प्रती करा. ठाणे अंमलदाराच्या टेबलावर एक द्यायची, दुसरीवर आवकचा शिक्का, तारीख आणि सही घ्यायची. "साहेब नाहीत, उद्या या" हे ऐकायला मिळेल. हुज्जत घालू नका, आवाज चढवू नका. आवाज चढला की "सरकारी कामात अडथळा" आणतोय म्हणून उलटा धाक घालतात. लोकांच्या तोंडी त्याला अजून "३५३" म्हणतात, आता ते, जुन्या दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेचं कलम १३२. त्याला हल्ला किंवा बळाचा वापर लागतो, नुसत्या बोलण्यावर तो गुन्हा होत नाही. पण तो वाद तुम्ही ठाण्याच्या दारात जिंकणार नाही. शांतपणे बाहेर या, पोस्टात जा, तोच अर्ज स्पीड पोस्टने ठाण्याला आणि पोलीस अधीक्षक कार्यालयाला पाठवा. पावत्या फाइलला लावा.

आता वडील आणि बायको. इथे कायदा अगदी स्पष्ट आहे, आणि इथेच तो सगळ्यात जास्त मोडला जातो. कलम १७९ म्हणतं की पंधरा वर्षांखालचा मुलगा, साठ वर्षांवरचा पुरुष, कोणतीही स्त्री, शारीरिक किंवा मानसिक अपंगत्व असलेली व्यक्ती, गंभीर आजारी व्यक्ती, यांना त्यांच्या राहत्या जागेखेरीज दुसरीकडे बोलावता येत नाही. पोलिसांनी घरी यायचं. ही नुसती शिष्टाचाराची गोष्ट नाही. असं बोलावण्याला कायद्याची मनाई आहे हे माहीत असूनही अधिकाऱ्याने बोलावलं, तर भारतीय न्याय संहितेच्या कलम १९९ खाली तो त्याचाच गुन्हा होतो. शिक्षा कमीत कमी सहा महिने, जास्तीत जास्त दोन वर्षं सक्तमजुरी, शिवाय दंड. २०१३ साली ही तरतूद आली. ठाण्यात बसलेल्या बहुतेकांना ती ठाऊक नसते, आणि बोलावणाऱ्यांपैकी काहींनाही नसते.

नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम १७९ ला एक पुस्ती जोडलीय: अशी व्यक्ती स्वतः यायला राजी असेल तर येऊ शकते. वरवर सोयीची वाटते. प्रत्यक्षात जबाबाच्या वर "स्वखुशीने हजर" असं लिहून मोकळं व्हायला ती उपयोगी पडते. म्हणून वडिलांना आणि बायकोला आजच सांगून ठेवा. कुणी विचारलं तर एकच वाक्य: "आम्ही ठाण्यात यायला राजी नाही, घरी या, सांगतो." बायकोचा फोन नंबर त्यांच्याकडे असेल तर तिला फोन उचलू द्या, पण हे वाक्य तिच्या तोंडी बसलेलं असू दे. १९७७ साली ओडिशाच्या माजी मुख्यमंत्री नंदिनी सत्पथी यांना कटकच्या दक्षता पोलीस ठाण्यात बोलावलं होतं. १९७८ च्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी स्त्रीला ठाण्यात बोलावल्याबद्दल पोलिसांना चांगलंच सुनावलं. मुख्यमंत्रीपद भूषवलेल्या बाईंची ही गत, तर तुमच्या बायकोने का घाबरू नये? तिने आधी कायदा माहीत करून घ्यावा.

समजपत्र आलं आणि तुम्ही गेलात, तर काय करायचं? विचारलं त्याचं खरं उत्तर द्यायचं. ज्या उत्तराने तुमच्यावरच गुन्ह्याचा ठपका येऊ शकतो, ते न देण्याचा हक्क आहे. संविधानाच्या अनुच्छेद २०(३) ने आणि नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८० नेही तो दिलाय. तपासात पोलिसांनी घेतलेल्या जबाबावर तुमची सही घेता येत नाही, कलम १८१ ला ते मान्य नाही. कोऱ्या कागदावर, अर्धवट भरलेल्या कागदावर, "नंतर भरतो" म्हणून पुढे केलेल्या कागदावर कधीच सही करू नका. वकील शेजारी बसू द्यावाच, असं साक्षीदारासाठी कलम नाही. पण सत्पथी निकालात वकील सोबत असावा असं कोर्टाने म्हटलंय, आणि प्रत्यक्षात वकील बाहेरच्या बाकावर जरी बसला तरी आतलं वातावरण बदलतं. फोन मागितला तर तो जप्त करताना पंचनामा आणि पोहोच मागा. नुसतं "दाखव जरा" म्हणून हातातून घेणं म्हणजे जप्ती नव्हे.

तुम्ही विचाराल, मी तर स्वतःच्या पायाने गेलो, मग हे डांबणं कसं? गाझियाबादच्या एका तरुण वकिलाला जानेवारी १९९४ मध्ये पोलीस प्रमुखांच्या कार्यालयात चौकशीला बोलावलं. पाच दिवस अडकवून ठेवलं, आणि मध्येच कुठे हलवलं ते घरच्यांना कळेना. सर्वोच्च न्यायालयात पोलिसांनी सांगितलं, तो अटकेत नव्हताच, तपासाला मदत करत होता. जोगिंदर कुमार विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य हा तो निकाल. तिथून पुढे अटकेबद्दल नातेवाइकाला कळवणं, अटकेची कारणं नोंदवणं हे नियम पक्के झाले, आणि १९९६ च्या डी. के. बसू निकालाने ते आणखी घट्ट केले. "सहकार्य" या शब्दामागे काय काय लपवता येतं, ते त्या एका प्रकरणात दिसतं. उठून जातो म्हटल्यावर जाऊ देत नसतील, तर तुम्ही डांबले गेले आहात. भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ मध्ये तो गुन्हा आहे. म्हणून एकदा, शांतपणे, साक्षीदारासमोर विचारा: "साहेब, मी जाऊ का?" उत्तर आणि वेळ, दोन्ही घरी येऊन लिहून ठेवा.

"पैशाचं लिहून दे" हा तुमच्या प्रकरणातला सगळ्यात धोक्याचा भाग आहे, आणि माझ्या मते सगळं चाललंय त्यासाठीच. कोल्हापुरात भिशी गल्लीगल्लीत आहे. ती बुडाली की पैसे अडकलेल्या माणसाला दुसऱ्याच्या तुरुंगापेक्षा आपला पैसा हवा असतो, आणि ते स्वाभाविक आहे. पण त्यांचे पैसे वसूल करून देणं हे ठाण्याचं काम नाही, आणि भावाचं देणं तुमचं देणं नाही. त्याला तुम्ही जामीनदार नव्हता, भिशीत भागीदार नव्हता. भावाने लोकांच्या पैशातून काही घेतलं असेल तर ते जप्त करायचा रस्ता कोर्टातून जातो, त्याला कलमं आहेत. ठाण्यात बसून स्टॅम्प पेपरवर "भावाचे अमुक लाख मी डिसेंबरपर्यंत देईन" असं लिहून दिलंत, तर उद्या तेच कागद घेऊन लोक तुमच्यावर दावा लावतील. धाकाने घेतलेला करार रद्द करून मागता येतो, करार कायद्यात तशी सोय आहे. पण धाक होता हे शाबीत तुम्हाला करावं लागेल, आणि ते वर्षं खाईल. आधीच काही लिहून दिलं असेल, एखादा कोरा चेक दिला असेल, तर लाजू नका. आठवड्याच्या आत अधीक्षकांना लेखी कळवा की तो कागद कुठे, किती वाजता, कुणासमोर घेतला. महिन्यांनी सांगितलेल्या धाकावर कुणी विश्वास ठेवत नाही.

"१५१ मध्ये घालतो", "चॅप्टर टाकतो" हे धाकही येतील. १५१ म्हणजे जुन्या संहितेतली प्रतिबंधात्मक अटक, ते आता कलम १७० झालंय. दखलपात्र गुन्हा करण्याचा बेत दिसत असेल आणि अटकेशिवाय तो थांबवता येत नसेल, तरच ते लागू होतं. भाऊ घरी नाही हा तुमचा बेत होत नाही. चॅप्टर केस म्हणजे चांगल्या वर्तणुकीचा बॉन्ड लिहून घेण्याची कारवाई; तिला कार्यकारी दंडाधिकाऱ्याची लेखी नोटीस लागते, तीत तुमच्याविरुद्ध नेमकी माहिती काय आहे ते लिहावं लागतं, तुम्हाला म्हणणं मांडता येतं. नोटीस आली तर वकील घेऊन जा. नोटीस नसेल तर तो नुसता शब्द.

एक गोष्ट मात्र तुमच्या बाजूनेही चोख ठेवा. भाऊ कुठे आहे हे माहीत असताना त्याला आसरा देणं, लपायला पैसे पुरवणं, हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २४९ खाली गुन्हा आहे. सवलत फक्त पती-पत्नीला आहे, भावाला किंवा आईवडिलांना नाही. आई रात्री गुपचूप पैसे पाठवते, आणि मग सगळं घर आरोपी होतं, हे मी पाहिलंय. त्याच्याशी बोलणं झालंच तर एकच सांगा: वकिलामार्फत कोर्टात ये.

अर्ज देऊनही थांबलं नाही, तर वर जायला जागा आहेत. कसबा बावड्यात पोलीस अधीक्षक कार्यालय. त्यावर कोल्हापूर परिक्षेत्राचे विशेष पोलीस महानिरीक्षक. पोलीस सुधारणांबद्दलच्या २००६ च्या प्रकाश सिंग निकालानंतर, २०१४ साली महाराष्ट्र पोलीस कायद्यात सुधारणा होऊन राज्य आणि विभागीय पोलीस तक्रार प्राधिकरणांची तरतूद झाली. पद्धत न पाळता केलेली अटक किंवा अडकवून ठेवणं हा त्यांच्या कक्षेतला विषय आहे. राज्य मानवी हक्क आयोगाकडे घटनेपासून एक वर्षाच्या आत तक्रार करता येते, फी नाही. पण एक मुदत वकीलसुद्धा विसरतात: कर्तव्याच्या नावाखाली केलेल्या कृत्याबद्दल पोलिसांवर खटला किंवा दावा करायचा, तर महाराष्ट्र पोलीस कायद्याचं कलम १६१ सहा महिन्यांची अट आडवी घालतं. तुमच्या पहिल्या तारखेपासून दिवस मोजायला लागा. भांडण वाढवायचं नसलं तरी तारीख माहीत असू द्या.

सीसीटीव्हीचं अर्जात लिहायला सांगितलं, त्याचं कारण हे. परमवीर सिंग सैनी प्रकरणात २ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक ठाण्यात कॅमेरे बसवायला आणि चित्रण अठरा महिने, निदान एक वर्ष तरी जपायला सांगितलं. तुमच्या सतरा संध्याकाळी त्यात असायला हव्यात. आपण वेळेत मागितलं नाही तर "कॅमेरा बंद होता" ऐकावं लागतं. लेखी मागितल्यावर तेच उत्तर दिलं तर तो त्यांना कोर्टात समजावून सांगावा लागणारा मुद्दा होतो.

एखाद्या रात्री तुम्हाला सोडलंच नाही, तर घरच्यांनी काय करायचं तेही आजच बायकोला सांगा. ११२ वर फोन, त्याची वेळ लिहून ठेवणं, लगेच वकिलाला फोन. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी बेकायदा डांबलेल्या माणसाचा शोध घेण्यासाठी वॉरंट काढू शकतात. फार लोकांना हे कलम माहीत नाही, पण जवळचं आहे. वकिलाची फी परवडत नसेल तर न्यायसंकुलात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, हेल्पलाइन १५१००. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता तिथे मोफत वकील मिळतो, त्यामुळे अर्ज बायकोच्या नावाने केला तरी चालेल.

आणि शेवटचा दरवाजा आता मुंबईला नाही. उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत सुरू झालंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग, असे सहा जिल्हे त्याखाली येतात. आधी अशा याचिकेसाठी पक्षकाराला रात्रीच्या गाडीने मुंबईला नेताना त्याची दोन दिवसांची मजुरी बुडायची. म्हणून कित्येकांनी "जाऊ दे मॅडम" म्हणून सोडून दिलं. बेंचसाठी आम्ही चार दशकांहून जास्त लढलो, ते अशाच माणसांसाठी. अनुच्छेद २२६ खालच्या याचिकेत कोर्ट पोलिसांना सांगू शकतं की कायदेशीर नोटिशीशिवाय या माणसाला बोलावू नका. मोठा अन्याय असेल तर भरपाईही देऊ शकतं, १९९३ च्या नीलाबती बेहरा निकालापासून ते मान्य झालंय.

तुमच्या घरच्यांची नावं कुठल्या रेकॉर्डला चढलीत का, तेही अर्जात विचारून ठेवा. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये दिल्लीतल्या एका हिस्ट्रीशीटच्या (पोलिसांनी एखाद्या माणसावर नजर ठेवायला उघडलेल्या नोंदीच्या) प्रकरणात अल्पवयीन मुलांची आणि निर्दोष नातेवाइकांची नावं अशा कागदात घालण्याबद्दल राज्यांना सावध केलंय. त्याच निकालात विमुक्त जातींतल्या (म्हणजे त्या जुन्या गुन्हेगार जमाती कायद्यातून सुटलेल्या) निरपराध माणसांच्या नावाने काढलेल्या हिस्ट्रीशीटचाही उल्लेख आहे. ज्यांची हजेरी महाराजांनी बंद केली, त्यांच्या वस्तीवर आजही चोरी झाली की पहिली गाडी जाते. तिथले लोक अर्ज लिहायला माझ्याकडे फार कमी येतात, आणि ते मला टोचतं. तुम्हाला लिहिता येतं, विचारता येतं. शेजारच्या वस्तीत कुणाला असंच बोलावत असतील तर त्यांनाही हा अर्जाचा नमुना द्या.

आज संध्याकाळी निरोप आला तर एवढंच उत्तर पाठवा: "साहेब, मी सहकार्याला तयार आहे. कृपया कलम १७९ प्रमाणे लेखी समजपत्र द्यावे." मग जेवा, आणि उद्याची पहिली पाळी चुकवू नका. सकाळी कामावर जाण्याआधी अर्जाच्या दोन प्रती झेरॉक्स करून घ्या. भाऊ हजर व्हायला तयार झाला तर त्याला ठाण्यात घेऊन जाऊ नका. आधी वकिलाला फोन करा, म्हणजे तो थेट न्यायसंकुलात येईल आणि त्याची नोंद कोर्टापुढे होईल.